सूर्याचे शेजारी तारे नागपुरातून बघायचे तर

प्रश्न थोडक्यात असा आहे. मनीषनगरात राहणाऱ्या एका गृहस्थांची मुलगी आठवीत आहे. सूर्याला सर्वांत जवळचा तारा प्रॉक्सिमा सेंटॉरी, हे तिने पुस्तकात वाचलं. वाढदिवसाला ७० मिमीची दुर्बीण आली आणि आता तिला तो तारा बघायचाय. मोबाइलमधलं अ‍ॅप दक्षिणेला क्षितिजापाशी बाण दाखवतं, पण तिथे काहीच दिसत नाही. दुर्बीण खराब आहे की आपलं काही चुकतंय, आणि प्रॉक्सिमा दिसणार नसेल तर जवळचे म्हणून दुसरे कोणते तारे दाखवता येतील, असं त्यांनी विचारलंय.

दुर्बीण ठीक आहे आणि तुमचंही काही चुकत नाही. प्रॉक्सिमाचा नाद मात्र नागपुरातून सोडा. तो ४.२५ प्रकाशवर्षांवर आहे, पण त्याची प्रत, म्हणजे तेजाचा दर्जा सांगणारा आकडा, ११ आहे. निरभ्र काळोख्या आकाशात डोळ्याला जेमतेम ६ प्रतीपर्यंतचे तारे दिसतात. प्रतीचा आकडा जितका मोठा तितका तारा मंद, आणि पाच प्रतींचा फरक म्हणजे तेजात शंभर पट. त्यात तो आपल्याकडे फार तर ६ अंश वर येतो. इतक्या खालून येणारा प्रकाश हवेच्या जाड थरातून गाळून येतो, त्यामुळे मुळात ११ प्रतीचा तारा आपल्यापर्यंत पोचेतो आणखी दोनेक प्रतींनी मंदावतो. खगोलशास्त्रज्ञ रॉबर्ट इन्स यांना १९१५ मध्ये तो जोहान्सबर्गहून सापडला, तिथे तो आकाशात बराच उंच चढतो. तरीही तोवर तो कुणाच्या लक्षात आला नव्हता, यातच काय ते समजा.

मुलीला आधी हे सांगा की जवळचा तारा म्हणजे ठळक तारा नव्हे. सूर्यापासून १२ प्रकाशवर्षांच्या आत तीसेक तारे आहेत. त्यातले बहुतेक लाल खुजे तारे, म्हणजे लहान, थंड आणि मिणमिणते. नुसत्या डोळ्यांना दिसतील असे ठिपके त्यात फक्त सात. आणि त्या सातांतला सर्वांत जवळचा नागपुरातून दिसतो. दिल्लीकरांच्या नशिबी तो नाही.

मित्र, आपल्या दक्षिण क्षितिजावरचा

हा तारा म्हणजे अल्फा सेंटॉरी, आपल्याकडे ज्याला मित्र म्हणतात. नरतुरंग तारकासमूहातला हा सर्वांत ठळक तारा ४.३७ प्रकाशवर्षांवर आहे. दुर्बिणीतून तो दोन ताऱ्यांची जोडी असल्याचं कळतं. एक आपल्या सूर्यासारखाच, दुसरा थोडा लहान आणि नारिंगी. सुमारे ८० वर्षांत ते एकमेकांभोवती एक फेरी पूर्ण करतात. प्रॉक्सिमा हा याच कुटुंबातला तिसरा, बराच लांब राहणारा भाऊ. त्यामुळे मुलीला मित्र दाखवलात तर प्रॉक्सिमाच्या घराची दिशा तरी दाखवली, असं म्हणता येईल.

मित्र जोडतारा असल्याचं प्रथम कुणाच्या लक्षात आलं, तर पुदुच्चेरीत राहणाऱ्या झां रिशो नावाच्या एका फ्रेंच जेझुइट पाद्र्याच्या, डिसेंबर १६८९ मध्ये. तो खरं म्हणजे एक धूमकेतू बघत होता. तारांगणाच्या कार्यक्रमांत ही गोष्ट फारशी सांगत नाहीत, पण ती भारताच्या भूमीवरून झालेली निरीक्षणं आहेत आणि पोरांना ती आवडते.

आता हिशेब. नागपूरचं अक्षांश २१ अंशांच्या थोडं वर. मित्र खगोलीय विषुववृत्ताच्या, म्हणजे पृथ्वीच्या विषुववृत्ताच्या बरोबर वर आकाशात कल्पलेल्या रेषेच्या, जवळपास ६१ अंश दक्षिणेला. ९० मधून हे दोन्ही आकडे वजा केले की तो आपल्या दक्षिण क्षितिजावर जास्तीत जास्त ८ अंश चढतो. हात ताणून मूठ धरली की ती सुमारे १० अंश भरते, म्हणजे अख्खी एक मूठही नाही. तुमच्या गच्चीपेक्षा पाच मजले उंच इमारत दक्षिणेला शंभर मीटरवर असली, की मित्र तिच्यामागे गेलाच. मनीषनगर, बेसा, बेलतरोडी या पट्ट्यात गेल्या काही वर्षांत जी बांधकामं झाली ती पाहता तुमच्या गच्चीवरून दक्षिण मोकळी असेल, अशी आशा मी धरत नाही. आधी दिवसा गच्चीवर जा, दक्षिणेकडे तोंड करून मूठ धरा, आणि मुठीखाली काय काय येतं ते बघा. पाण्याची टाकी, होर्डिंग, निंबाचं झाड. मग रात्रीचं ठरवा.

वेळ कोणती? मित्र आपल्याकडे क्षितिजावर सहाएक तास असतो, पण कामाचे मधले दोन-तीनच. १५ मेच्या आसपास तो रात्री सव्वाअकराच्या सुमारास दक्षिणेला सर्वांत वर येतो, २५ मेला पावणेअकराला, १ जूनला सव्वादहाला. म्हणजे बरोबर नवतपा. सूर्य रोहिणीत गेला की नागपूरकर दिवसा बाहेर पडायला घाबरतो, पण रात्री कूलर सोडून गच्चीवर आलात तर आकाशातला सर्वांत जवळचा शेजारी समोर असतो. मृग लागला की ढग, आणि पाऊस आला की विषय संपला.

पण माझं मत विचाराल तर मे हा मित्रासाठी सोयीचा महिना आहे, चांगला नव्हे. मेमध्ये हवेत धूळ असते आणि क्षितिजाच्या वरचे पाच-सात अंश मातकट होऊन जातात. मुळात शून्याहूनही थोडी कमी, म्हणजे उणे प्रत असलेला हा ठळक तारा तेव्हा मृगाच्या पट्ट्यातल्या ताऱ्यांइतकाच, कधी त्याहूनही फिका दिसतो, वर तांबूस पिवळा आणि थरथरणारा. इतका सुंदर म्हणून ऐकलेला तारा हाच का, असा प्रश्न पडतो. फेब्रुवारीच्या शेवटी किंवा मार्चच्या पहिल्या आठवड्यात पहाटे चार ते पाचच्या दरम्यान बघा. १ मार्चला तो चार-वीसच्या सुमारास सर्वांत वर असतो. थंडीची स्वच्छ हवा अजून टिकलेली असते, रस्त्यांवर वाहनं नसतात आणि उजाडायला वेळ असतो. मुलीला उठवणं हेच काय ते अवघड.

ओळखायचा असा. चैत्र-वैशाखात रात्री दक्षिणेकडे बघितलं की चित्रा नक्षत्राच्या उजवीकडे हस्ताचे चार तारे दिसतात, वाकडातिकडा चौकोन. हस्त बरोबर दक्षिणेला आला की त्याच्या सरळ खाली, क्षितिजालगत त्रिशंकू उभा असतो. पतंगासारखे चार तारे. वरचा तारा क्षितिजापासून मूठभराहून थोडा वर, खालचा अर्ध्या मुठीवर. मेच्या मध्यावर ही वेळ रात्री नऊच्या आसपास येते. त्रिशंकू सापडला की घाई करू नका, तासभर थांबा. त्याच्या डावीकडे दोन ठळक तारे वर येतात. त्रिशंकूच्या जवळचा तो मित्रक, आणि त्याच्याही डावीकडे, दोन-तीन बोटं सोडून, मित्र. बरेच जण पहिला तारा दिसताच फोटो काढून ‘सर्वांत जवळचा तारा’ म्हणून पाठवतात. तो मित्रक असतो, आणि तो सुमारे ३९० प्रकाशवर्षांवर आहे. शेजारीशेजारी दिसणाऱ्या दोन ताऱ्यांतला एक दारातला आणि दुसरा जवळजवळ नव्वद पट लांबचा.

जागेबद्दल. आमच्याकडे आकाश बघायचं म्हटलं की लोक पेंचचं नाव घेतात, आणि बरोबरच आहे. महाराष्ट्रातला पेंच व्याघ्रप्रकल्प जानेवारी २०२४ मध्ये भारतातलं पहिलं ‘डार्क स्काय पार्क’ ठरला, वाघोलीला निरीक्षणासाठी मनोराही आहे. बाकी सगळ्या ताऱ्यांसाठी खुशाल तिकडे जा. मित्रासाठी मात्र ती दिशाच उलटी. पेंच नागपूरच्या उत्तरेला, म्हणजे तिथून दक्षिणेला बघितलं की नागपूरच्या दिव्यांचा उजेड त्याच बाजूला, शिवाय उत्तरेला सरकल्यामुळे तारा अर्धा अंश आणखी खाली. रामटेकचा गड उंच आहे, दृश्य मोकळं आहे, पण दक्षिणेला मौद्याचा वीज प्रकल्प. वर्धा रोडने गेलात तर बुटीबोरीची एमआयडीसी ओलांडेपर्यंत थांबू नका. मला उमरेड रोड बरा वाटतो. शहर पाठीशी राहतं, समोर शेतं, आणि उमरेडच्या खाणींचे दिवे चुकवून थोडं आडवाटेला वळलात की दक्षिण बऱ्यापैकी काळी मिळते. कुठल्याही तलावाच्या उत्तर काठावर उभं राहिलं तर समोर पाण्यामुळे क्षितिज आपोआप मोकळं होतं, ही सोपी युक्ती. एकटे जाऊ नका, कुणाच्या बांधावर उभे असाल तर आधी विचारा.

दुर्बिणीतून मित्राची जोडी वेगळी दिसेल का? ७० मिमीला ते जमायला हवं, कारण दोघांतलं दिसणारं अंतर २०१६ च्या सुमाराला अगदी कमी होतं आणि त्यानंतर वाढत गेलं. पण ८ अंशांवर हवा उकळत असते. बहुतेक वेळा एक थरथरता गोळा दिसेल, आणि कधीतरी हवा क्षणभर स्थिरावली की दोन. न दिसल्यास दुर्बिणीला दोष देऊ नका.

ज्यांना कुठेही जावं लागत नाही

व्याध आणि प्रश्वा हे दोघे गच्चीचे तारे. मृगाच्या पोटातल्या तीन ताऱ्यांचा बाण डावीकडे खाली वाढवला की तो थेट व्याधावर जातो, ज्याने तो मारला त्याच्यावर. व्याध ८.६ प्रकाशवर्षांवर, आकाशातला सर्वांत तेजस्वी तारा. त्याच्या वर, डावीकडे एकटाच ठळक दिसतो तो प्रश्वा, साडेअकरा प्रकाशवर्षांवर. फेब्रुवारीच्या मध्यावर रात्री नऊ-सव्वानऊला व्याध दक्षिणेला ५२ अंशांवर असतो, नागपूरच्या कितीही उजेडात बुडत नाही.

याच वेळी व्याधाच्या खाली, क्षितिजापासून दीडेक मुठीवर, दुसरा एक ठळक तारा बघा. अगस्त्य. आकाशात व्याधानंतर तेजात याचाच नंबर लागतो. दोघं जवळजवळ एकाच वेळी दक्षिणेला येतात, त्यामुळे एका नजरेत बसतात. व्याध सूर्याच्या सुमारे पंचवीस पट तेजस्वी आणि ८.६ प्रकाशवर्षांवर. अगस्त्य सूर्याच्या दहा हजार पटीहून अधिक तेजस्वी आणि सुमारे ३१० प्रकाशवर्षांवर. एक जवळचा म्हणून चमकतो, दुसरा दांडगा म्हणून. जवळ आणि ठळक या दोन गोष्टी वेगळ्या, हे मुलीला समजावायला मला यापेक्षा चांगली जागा आकाशात माहीत नाही. आणि हेही दक्षिणेच्या जवळ राहण्याचं सुख, कारण दिल्लीच्या आकाशात अगस्त्य फार खाली असतो.

व्याधालाही जोडीदार आहे. त्याची चाल किंचित नागमोडी दिसते म्हणून जर्मन खगोलशास्त्रज्ञ बेसेल यांनी १८४४ मध्ये न दिसणाऱ्या सोबत्याचा अंदाज बांधला, आणि १८६२ मध्ये अ‍ॅल्व्हन ग्रॅहॅम क्लार्क यांनी नवी दुर्बीण तपासताना तो प्रत्यक्ष पाहिला. तो श्वेतबटू, म्हणजे इंधन संपून आक्रसलेला छोटा तारा आहे, व्याधाच्या झगमगाटात हरवलेला. तुमच्या दुर्बिणीतून दिसणार नाही.

अंतर मोजलं कसं?

हा प्रश्न मुलगी विचारणारच, तेव्हा तिला एकदा झिरो माईलला घेऊन जा. तिथे खांबाजवळ ‘जी.टी.एस.’ कोरलेला दगड आहे. ग्रेट ट्रिगोनोमेट्रिकल सर्व्हे, देश त्रिकोणांनी मोजणारी ती मोहीम. एक पाया मोजायचा, दोन्ही टोकांवरून लांबच्या खुणेचा कोन घ्यायचा, बाकी गणित. ताऱ्यांसाठीही तेच, फक्त पाया पृथ्वीच्या कक्षेचा. सहा महिन्यांच्या अंतराने एकाच ताऱ्याकडे बघायचं आणि मागच्या लांबच्या ताऱ्यांच्या तुलनेत तो किती सरकला ते मोजायचं. मित्रासाठी या सरकण्याच्या निम्मा कोन पाऊण विकलेइतका येतो (विकला म्हणजे अंशाचा ३६००वा भाग). दहा रुपयांचं नाणं झिरो माईलला धरून विमानतळावरून बघितलं तर ते जेवढं दिसेल, तेवढा. सर्वांत जवळच्या ताऱ्यांची ही गत, म्हणून एकोणिसाव्या शतकापर्यंत कुणाला जमलं नव्हतं. स्कॉटिश खगोलशास्त्रज्ञ हेंडरसन यांनी मित्राची मोजमापं दक्षिण आफ्रिकेत केप ऑफ गुड होपला १८३२-३३ मध्येच घेतली होती, पण निष्कर्ष १८३९ मध्ये छापले. तोवर १८३८ मध्ये बेसेल यांनी हंस तारकासमूहातल्या ६१ क्रमांकाच्या ताऱ्याचं अंतर जाहीर करून पहिला मान घेतला.

हा ६१ हंस तुमच्या दुर्बिणीसाठी सर्वांत गोड तारा. सप्टेंबरअखेर पाऊस ओसरला की ऑक्टोबरात संध्याकाळी साडेसात-आठला हंस डोक्यावर असतो. शेपटीचा ठळक तारा, छातीचा तारा आणि पूर्वेकडच्या पंखातला तारा हे समांतरभुज चौकोनाचे तीन कोपरे धरले, तर चौथ्या कोपऱ्यावर ६१ हंस. प्रत पाचच्या आसपास, म्हणून शहरात आधी साध्या द्विनेत्रीने शोधा. दुर्बीण लावली की दोन नारिंगी तारे स्वच्छ वेगळे, कमी वर्धनातही. साडेअकरा प्रकाशवर्षांवरचे. मित्राच्या जोडीसाठी जी हवेशी मारामारी करावी लागते ती इथे नाही.

डिसेंबरात आणखी दोन. रात्री नऊला दक्षिणेकडे तोंड करा. मृगातला राजन्य डावीकडे असेल. तिथून उजवीकडे वरच्या दिशेने अडीच मुठी गेलात की दोन सारखे मंद तारे जवळजवळ दिसतात. त्यातला पश्चिमेकडचा, किंचित फिका, तो एप्सिलॉन एरिडानी, साडेदहा प्रकाशवर्षांवर. आणखी पश्चिमेला तिमिंगलात टाऊ सेटी, जवळपास १२ प्रकाशवर्षांवर. त्याला शोधायला तिमिंगलाच्या शेपटीतला ठळक तारा धरा आणि डावीकडे दीड मूठ जा. दोघेही साडेतीन-पावणेचार प्रतीचे, मनीषनगरातून नुसत्या डोळ्यांना अवघड, द्विनेत्रीने सहज. दिसायला दोन्ही यथातथाच. पण १९६० मध्ये फ्रँक ड्रेक यांनी अमेरिकेत ग्रीन बँकच्या रेडिओ दुर्बिणीने परग्रहावरच्या कुणाचा संदेश येतो का हे पहिल्यांदा ऐकायला सुरुवात केली, तेव्हा कान लावले ते याच दोघांकडे. दोघे सूर्यासारखे आणि जवळचे म्हणून. काही ऐकू आलं नाही. हे सांगितलं की पोरं तो फिका ठिपका दुसऱ्यांदा बघतात.

सातवा एप्सिलॉन इंडी. पावणेपाच प्रत, आपल्याकडे जेमतेम १२ अंश वर. यादी पुरी करायची हौस असेल तरच.

आणि एक लाल खुजा

तिला खुजाच बघायचा असेल, प्रॉक्सिमाच्या जातीचा, तर बार्नार्डचा तारा बघा. एकट्या ताऱ्यांत आपल्याला सर्वांत जवळचा, ६ प्रकाशवर्षांवर, भुजंगधारी समूहात. प्रत साडेनऊ, म्हणजे उमरेड रोडच्या काळोखात ७० मिमीमधून दिसण्यासारखा. उंचीची अडचण नाही, तो आपल्याकडे ७३ अंशांपर्यंत चढतो. मेअखेर मध्यरात्रीनंतर किंवा ऑक्टोबरात अंधार पडल्यावर पश्चिमेकडे. ठिपका अगदी साधा असतो आणि आजूबाजूला तसेच ठिपके असतात, म्हणून अ‍ॅपमधला नकाशा दुर्बिणीतल्या उलट्या दृश्याशी ताडून बघावा लागतो. चिकाटीचं काम आहे.

याची खासियत म्हणजे वेग. ई. ई. बार्नार्ड यांनी १९१६ मध्ये दाखवून दिलं की हा आकाशात वर्षाला दहा विकलांहून अधिक सरकतो. इतर कुठलाही तारा इतक्या झपाट्याने सरकत नाही. पौर्णिमेच्या चंद्राच्या रुंदीइतकं अंतर तो पावणेदोनशे-एकशेऐंशी वर्षांत कापतो. ऐकायला हळू वाटतं, पण २०० मिमीच्या लेन्सने काढलेल्या फोटोत एका पिक्सेलमध्ये साधारण चार विकला मावतात. म्हणजे दोन वर्षांत पाच पिक्सेल, मोजता येण्यासारखं. अलीकडे, २०२४ आणि २०२५ मध्ये, त्याच्याभोवती चार छोटे ग्रह असल्याचंही जाहीर झालंय.

असे फोटो काढायला ताऱ्यांचा मागोवा घेणारं मोटारीचं माउंट, म्हणजे कॅमेरा बसवायची बैठक, लागेल. ओळखीत कुणाकडे असेल तर उसनं मागा, विकत घेण्याची घाई नको. गांधीसागराजवळच्या रमण विज्ञान केंद्रात तारांगण आहे, तिथे आकाशनिरीक्षणवाले भेटतात, त्यांना विचारा. पहिला फोटो येत्या ऑक्टोबरात काढा, दर वर्षी त्याच महिन्यात, त्याच लेन्सने पुन्हा. फाईलच्या नावात तारीख घालून ठेवायला सांगा. दहावीच्या वर्षी, परीक्षेच्या गडबडीच्या आधी, पहिला आणि तिसरा फोटो एकमेकांवर ठेवून दोन्ही आळीपाळीने दाखवा. सगळे तारे जागच्या जागी राहतील आणि एकच ठिपका उत्तरेकडे उडी मारेल.